मिल्लचें बालपण आणि त्याचा नीतिविचार

आज ज्या ग्रंथकाराविषयीं मी आपल्यापुढें बोलणार आहें, त्याचें नांव आपणांपैकीं पुष्कळांच्या परिचयाचें असेल. जॉन स्टुअर्ट मिल्ल हें तें नांव होय. स्वातंत्र्य, उपयुक्ततावाद आणि स्त्रियांचें दास्य या विषयांवरील त्याचे निबंध एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत आपल्याकडील इंग्रजी शिकलेल्या तरुणांच्या हातीं पडले, आणि येथल्या सुधारणेच्या चळवळीला त्यांपासून पुष्कळ बळ मिळालें. परंतु नीतिशास्त्राचा पंडित मिल्ल आणि तीन वर्षांच्या वयांत ग्रीक शिकणारा बालक मिल्ल, हे जणूं दोन निराळे पुरुष होते अशाच रीतीनें त्याच्याविषयीं बहुधा बोललें जातें. पहिल्याचें स्मरण परीक्षेपुरतें केलें जातें आणि दुसऱ्याचें नवल म्हणून. माझें म्हणणें असें आहे कीं, या दोघांना वेगळें करतां येत नाहीं. घरांतील वडीलधाऱ्यांची सत्ता कशासाठीं असावी आणि तिला मर्यादा कोणती, हा प्रश्न मिल्लपुढें प्रथम उभा राहिला तो पुस्तकांत नव्हे, तर आपल्या बापासमोर बसलेला असतांना. त्याचें पुढील बरेंचसें लिखाण हें त्या एका प्रश्नाचें उत्तर आहे.

तेव्हां आरंभ त्या घरापासूनच करूं. लंडनच्या उत्तरेस न्यूइंग्टन ग्रीन नांवाची वस्ती आहे. १८१० ते १८१३ या सालांत तेथील एका घरीं एक स्कॉटिश गृहस्थ टेबलाशीं बसून हिंदुस्थानचा इतिहास लिहीत असे. त्याच टेबलाशीं त्याचा पांच-सहा वर्षांचा मुलगा ग्रीक पुस्तक उघडून बसलेला असे. ग्रीक शब्दांचे अर्थ इंग्रजींत सांगणारा कोश त्या वेळीं उपलब्ध नव्हता. लॅटिनमध्यें अर्थ देणारे कोश होते, पण मुलाचें लॅटिन अद्याप सुरू व्हावयाचें होतें. त्यामुळें अडलेला प्रत्येक शब्द मुलानें विचारावा, आणि स्वभावानें अत्यंत उतावीळ अशा त्या बापानें लेखणी थांबवून त्याचा अर्थ सांगावा, असा क्रम चाले. बापाचें नांव जेम्स मिल्ल. हिंदुस्थानच्या इतिहासाचे त्याचे मोठाले खंड १८१७ सालीं बाहेर पडले, ते अशा रीतीनें पोराच्या शंका निवारतां निवारतां लिहिलेले आहेत.

जेम्स मिल्ल हा जोडे शिवून पोट भरणाऱ्या एका कारागिराचा मुलगा. १७७३ सालीं तो स्कॉटलंडांतील एका खेड्यांत जन्मला. एडिंबरोस शिकून तो धर्मोपदेशक होण्यास पात्र झाला, पण त्या वृत्तींत त्याचें मन रमलें नाहीं. १८०२ सालीं तो लंडनला आला आणि मासिकांतून लेख लिहून संसार चालवूं लागला. १८०६ च्या मे महिन्याच्या २० तारखेस त्याचा वडील मुलगा जॉन जन्मला. पुढें एकंदर नऊ मुलें झालीं. नऊ मुलांचा बाप, ठराविक प्राप्ति नाहीं, हातीं मोठा ग्रंथ घेतलेला, आणि तरीहि रोजचे कित्येक तास हा मनुष्य मुलाच्या शिक्षणांत घालवीत असे. त्याच्या कठोरपणाबद्दल आपण पुढें बोलूं. पण त्याची ही निष्ठा प्रथम मान्य केली पाहिजे.

या निष्ठेच्या मागें एक सिद्धांत होता. जेम्स हा बेंथॅमचा मित्र आणि अनुयायी. मनुष्याचें मन जन्मतः कोऱ्या पाटीसारखें असतें, अनुभवानें एका कल्पनेशीं दुसरी कल्पना जोडली जाते, आणि या जोडण्या योग्य रीतीनें घडवून आणल्या तर हवा तसा मनुष्य तयार करतां येतो, अशी त्याची पक्की समजूत होती. सुखाचा संबंध लोकहिताशीं आणि दुःखाचा संबंध लोकांच्या अहिताशीं बालपणींच जोडून द्यावा, म्हणजे मोठेपणीं तो मनुष्य आपोआपच सदाचारी होईल, असा त्याचा हिशेब. ब्रिटिश ज्ञानकोशाच्या पुरवणींत शिक्षणावर त्यानें निबंध लिहिला, आणि घरीं जॉनवर त्या निबंधाचा प्रयोग केला.

प्रयोगाचा तपशील मिल्लनें स्वतः आपल्या आत्मचरित्रांत दिला आहे. तिसऱ्या वर्षीं ग्रीक. बापानें शब्द आणि त्यांचे अर्थ कार्डांवर लिहून दिले, तीं पाठ करावयाचीं. आठव्या वर्षापर्यंत इसापाच्या गोष्टी, झेनोफोन, हिरोडोटसचा समग्र इतिहास आणि प्लेटोचे कांहीं संवाद वाचून झाले. आठव्या वर्षीं लॅटिन. आणि तें स्वतः शिकत असतांनाच धाकट्या बहिणीला शिकविण्याचें काम. बाराव्या वर्षीं तर्कशास्त्र, तेराव्या वर्षीं अर्थशास्त्र. सकाळीं न्याहारीपूर्वीं बापलेक हॉर्न्सीच्या बाजूस हिरव्या पाऊलवाटांनीं फिरावयास जात, आणि आदल्या दिवशीं काय वाचलें तें मुलानें कागदाच्या चिठोऱ्यांवरील टिपणांच्या आधारें सांगावें असा नियम होता. पुढें अर्थशास्त्र शिकतांना बापानें चालतां चालतां व्याख्यान द्यावें, मुलानें तें दुसऱ्या दिवशीं लिहून आणावें, आणि स्पष्ट व पूर्ण होईपर्यंत पुन्हा पुन्हा लिहावें, असा परिपाठ पडला.

यावरून कोणास वाटेल कीं, ही निव्वळ घोकंपट्टी होती. तसें नव्हतें, आणि मिल्लनें हें मुद्दाम सांगितलें आहे. स्वतःच्या विचारानें जें काढतां येण्यासारखें आहे, तें आधीं सांगावयाचें नाहीं, हा बापाचा कटाक्ष. मुलानें प्रथम डोकें खाजवावें, थकावें, आणि मगच उत्तर मिळावें. पाठांतराच्या ओझ्याखालीं बुद्धि दडपून गेली नाहीं याबद्दल मिल्ल बापाचा शेवटपर्यंत ऋणी राहिला. सर्वच शिक्षण खेळाचें करावें, मुलांना रुचेल तेवढेंच शिकवावें, हें मतहि त्याला पुढें कधीं पटलें नाहीं. कष्टावांचून येत नाहींत अशाहि कांहीं गोष्टी मुलांना आल्या पाहिजेत, असेंच त्यानें लिहिलें आहे.

मग उणें काय होतें? मुलाला सुटी नव्हती. उद्योगाची संवय मोडेल आणि आळसाची गोडी लागेल, ही भीति. बरोबरीचे सोबती नव्हते. त्यांचे प्राकृत विचार आणि भाषा चिकटेल, ही भीति. खेळणीं आणि गोष्टींचीं पुस्तकें अगदींच थोडीं. त्यांत रॉबिन्सन क्रूसोची गोष्ट तेवढी त्याच्या जिवाची झाली. भावंडांचा अभ्यास कच्चा राहिला तर त्याचा जबाब त्याला द्यावा लागे. शिकविणारा आणि शिकणारा हें नातें दोघांच्याहि स्वभावाला फारसें हितकर नसतें, हा अनुभव त्यानें त्याच वेळीं घेतला. आणि सर्वांत मोठें उणें म्हणजे बापाच्या प्रेमाला बाहेर येण्याची वाटच नव्हती. जेम्स मिल्लच्या अंतःकरणांत ओलावा नव्हता असें मुलगा म्हणत नाहीं. भावना प्रकट करण्याची त्या समाजांतील पुरुषांना लाज वाटे, आणि बोलून न दाखविलेली भावना हळू हळू सुकून जाते, असें तो म्हणतो. धाकट्या भावंडांनीं बापावर माया केली. आपण मात्र त्याच्याशीं केवळ एकनिष्ठ राहिलों, असा सूक्ष्म भेद त्यानें नोंदविला आहे. भीति शिक्षणांतून अजिबात काढून टाकतां येणार नाहीं, पण ती मुख्य होऊन बसली कीं मूल मन मोकळें करीनासें होतें, आणि पुढें ज्यांच्या सल्ल्याची त्याला सर्वांत अधिक गरज, त्यांनाच तें दुरावतें, असा निष्कर्ष त्यानें त्यांतून काढला.

१८२० सालीं, चौदाव्या वर्षीं, जॉन एक वर्षासाठीं फ्रान्सला निघाला. त्या सुमारास हाइड पार्कमध्यें फिरतांना बापानें त्याला एक गोष्ट सांगितली. तुझ्या वयाच्या मुलांना येत नाहीं असें पुष्कळ तुला येतें, हें आतां तुला दिसेल, लोक तुझी स्तुति करतील. पण तें तुझें कर्तृत्व नव्हे, शिकविण्यास समर्थ आणि तयार असा बाप तुला मिळाला म्हणून तें आलें, अशा आशयाचें तें बोलणें होतें. आपण इतरांपेक्षां अधिक जाणतों हें त्या मुलाला तोंवर ठाऊकच नव्हतें. बापाच्या शिक्षणांतील चांगलें आणि वाईट यांचा मला या एका प्रसंगांत मेळ दिसतो. मुलाला गर्व शिवला नाहीं, हें खरें. पण आपण स्वतः कांहीं आहों, आपल्या ठिकाणीं स्वतःचें असें कांहीं आहे, ही जाणीवहि त्याला मिळाली नाहीं.

त्याचा परिणाम सहा वर्षांनीं दिसून आला. १८२३ सालीं मिल्ल ईस्ट इंडिया कंपनीच्या लंडनमधील कचेरींत बापाच्या हाताखालीं नोकरीस लागला होता. वादविवाद मंडळें, मासिकें, बेंथॅमच्या ग्रंथाचें संपादन, सर्व जोरानें चाललें होतें. १८२६ च्या शरद ऋतूंत, वयाच्या विसाव्या वर्षीं, त्यानें सहज स्वतःला एक प्रश्न केला: ज्या सुधारणांसाठीं आपण झटत आहों, त्या सर्व याच क्षणीं घडून आल्या तर आपण सुखी होऊं काय? मनानें स्पष्ट उत्तर दिलें, नाहीं. त्याबरोबर त्याच्या आयुष्याचा पाया खचला. त्यापुढील हिवाळा त्यानें यंत्रासारखें काम करीत काढला. हें दुःख सांगावयाचें कोणाला? बाप हा शेवटचा मनुष्य. त्याला कळणार नाहीं, आणि कळलें तरी आपला प्रयोग फसला हें पाहून तो दुःखी मात्र होईल.

या अंधारांतून तो कसा बाहेर आला, हें ध्यानांत ठेवण्यासारखें आहे. मार्मोंतेल नांवाच्या फ्रेंच ग्रंथकाराच्या आठवणी तो वाचीत होता. बाप मरण पावतो, घरावर आकाश कोसळतें, आणि लहान मुलगा एकाएकीं ठरवितो कीं, या सर्वांना आतां मीच सर्व कांहीं होईन. हा प्रसंग वाचतांना मिल्लच्या डोळ्यांतून अश्रु आले. आपल्या ठिकाणीं भावना शिल्लक आहे, आपण लांकूड किंवा दगड नाहीं, हें त्याला त्या अश्रूंनीं सांगितलें. बापाच्या मृत्यूच्याच प्रसंगानें हा बांध कां फुटावा, यावर पुढील पंडितांनीं पुष्कळ तर्क केले आहेत. त्यांत मी शिरत नाहीं. १८२८ सालीं वर्डस्वर्थच्या कवितेनें त्याला आणखी सावरलें. बुद्धीची मशागत झाली, भावनेची राहिली, हें आपल्या शिक्षणांतील व्यंग त्याला आतां उघड दिसलें.

आतां त्याच्या नीतिशास्त्राकडे वळूं. उपयुक्ततावादावरील त्याचे लेख १८६१ सालीं एका मासिकांत आले आणि १८६३ सालीं त्यांचें पुस्तक झालें. पुष्कळांचें पुष्कळ सुख हाच नीतीचा निकष, हें बेंथॅमचें व बापाचें मत त्यानें सोडलें नाहीं. पण त्यांत त्यानें जी भर घातली, ती पाहा. सुखासुखांत केवळ प्रमाणाचा नव्हे, तर प्रतीचाहि भेद आहे. उच्च भावनांची पात्रता ही कोंवळ्या रोपासारखी असून, तिला प्रतिकूल वारा लागला, किंवा नुसतें पोषण मिळालें नाहीं, तरी ती मरून जाते. मनुष्य सन्मार्गानें चालतो तो केवळ शिक्षेच्या धाकानें नव्हे; इतरांचें हित आणि आपलें हित हीं एकच आहेत ही भावना अंतःकरणांत वाढीस लागलेली असते म्हणून. आणि आत्मचरित्रांत त्यानें म्हटलें आहे कीं, सुख हें जीवनाचें ध्येय असलें तरी, त्याच्या पाठीस लागल्यानें तें मिळत नाहीं. दुसऱ्या कशांत तरी मन गुंतलें असतां वाटेंत तें सांपडतें. हीं मतें तर्कानें बापाच्या मतांतून निघत नाहींत. तीं १८२६ च्या त्या हिवाळ्यांतून निघालेलीं आहेत. कोरी पाटी आणि कोंवळें रोप, या दोन उपमांमध्यें बापलेकांच्या नीतिविचारांतील सारें अंतर सांठविलेलें आहे. पाटीवर लिहावें लागतें. रोपाला ऊब द्यावी लागते.

ही ऊब मिळण्याचें ठिकाण कोणतें? अर्थात् कुटुंब. म्हणून मिल्लच्या नीतिविचारांत कुटुंबाला फार मोठें स्थान आहे. १८३० सालीं त्याची हॅरिएट टेलर या विवाहित व बुद्धिमान स्त्रीशीं ओळख झाली. त्यांचा स्नेह वीस वर्षें टिकला. त्याबद्दल लोकापवादहि पुष्कळ झाला. १८४९ सालीं तिचा पति वारला आणि १८५१ सालीं त्या दोघांनीं लग्न केलें. तत्पूर्वीं मिल्लनें एक लेख लिहून ठेवला. इंग्लंडच्या तत्कालीन कायद्यानें पत्नीच्या देहावर, मालमत्तेवर व वागणुकीवर पतीला जे हक्क मिळत, ते आपणांस अमान्य आहेत आणि आपण ते कधींहि वापरणार नाहीं, असें त्यानें त्यांत नमूद केलें. कायद्याच्या दृष्टीनें त्या कागदाला किंमत नव्हती. नीतीच्या दृष्टीनें मात्र, पुढें येणाऱ्या पुस्तकाचें तें पहिलें पान होतें. याच काळांत, १८४६ पासून, या दोघांनीं मिळून ‘मॉर्निंग क्रॉनिकल’ पत्रांत बायका, मुलें व नोकर यांना होणाऱ्या मारहाणीवर लेख लिहिले. परक्याला मारलें तर कडक शिक्षा, आणि आपल्या घरच्या दुबळ्याला मारलें तर किरकोळ, या न्यायालयांच्या रीतीवर त्यांचा रोख होता.

हॅरिएट १८५८ सालीं फ्रान्समध्यें आव्हिन्यों येथें वारली. स्त्रियांच्या दास्यावरील ग्रंथ मिल्लनें त्यानंतर लिहिला आणि १८६९ सालीं प्रसिद्ध केला. त्या ग्रंथांत स्त्रियांच्या हक्कांइतकाच मुलांच्या मनाचा विचार आहे, याकडे वाचकांचें सहसा लक्ष जात नाहीं. त्यांतील एका युक्तिवादाचा आशय असा: कांहींएक गुण किंवा श्रम नसतां, केवळ पुरुष म्हणून जन्मल्यामुळें आपण मानवजातीच्या अर्ध्या भागाहून श्रेष्ठ आहों, हें ज्या मुलाला लहानपणापासून शिकविलें जातें, त्याच्या चारित्र्याचें काय होईल? बहिणीवर, आणि थोड्याच दिवसांत आईवरहि, वरचढपणा करण्याची संवय त्याला घरींच लागते. मग असा मुलगा बाहेर जाऊन समतेचा व न्यायाचा पुरस्कार करील, ही आशा व्यर्थ होय. कुटुंब ही जुलमाची शाळा होऊं शकते. न्यायानें चाललें तर तीच स्वातंत्र्याच्या सद्गुणांची शाळा होते. पतिपत्नी एकमेकांशीं बरोबरीनें वागतात हें रोज पाहणें, हेंच मुलाचें पहिलें नीतिशिक्षण. तत्पूर्वीं, १८६७ सालीं, पार्लमेंटांत मताधिकाराच्या बिलांत ‘पुरुष’ या शब्दाऐवजीं ‘व्यक्ति’ हा शब्द घालावा अशी उपसूचना त्यानें मांडली होती. तिला ७३ मतें पडलीं आणि विरुद्ध १९६. हार झाली, पण ७३ हा आंकडा त्या काळीं लहान नव्हता.

मुलांसंबंधीं त्याचें सर्वांत स्पष्ट लिखाण १८५९ सालच्या ‘स्वातंत्र्य’ या निबंधांत आहे. प्रौढ मनुष्यावर त्याच्या स्वतःच्या हितासाठीं सक्ति करूं नये, हें त्या निबंधाचें मुख्य सूत्र. पण मूल ही बापाची मालमत्ता आहे, आणि मुलांवरील अधिकार हा बापाच्या स्वातंत्र्याचाच भाग आहे, ही समजूत त्यानें खोडून काढली. जीव जन्मास घालणें ही मनुष्याच्या हातून होणारी अत्यंत जबाबदारीची गोष्ट होय. आणि शरीराला अन्न व मनाला शिक्षण देण्याची सोय नसतां ती करणें हा त्या मुलाचा आणि समाजाचा अपराध आहे, असें तो म्हणतो. म्हणून प्रत्येक मुलाला शिक्षण मिळेल हें सरकारनें पाहावें; गरिबांची फी भरावी; परीक्षा घेऊन खात्री करून घ्यावी. मात्र सर्व शाळा सरकारनेंच चालवूं नयेत. तसें केल्यास सर्व माणसें एकाच सांच्यांतून निघतील. ज्याला स्वतःला एका सांच्यांत घालून काढण्याचा प्रयत्न झाला होता, त्याचें हें मत आहे.

येथपर्यंत मिल्लची थोरवी सांगितली. आतां दोन ठिकाणें अशीं सांगतों कीं, जेथें त्याचा विचार त्याच्याच कसोटीस उतरत नाहीं. इतिहासाचा अभ्यास करणारानें तीं झांकून ठेवूं नयेत.

पहिलें ठिकाण त्याच्या आईचें. १८७३ सालीं मिल्ल वारला आणि त्याच वर्षीं त्याचें आत्मचरित्र बाहेर पडलें. त्यांत बाप पानोपानीं आहे. आई कोठेंच नाहीं. तिचें नांवसुद्धां येत नाहीं. आत्मचरित्राचा मूळ खर्डा १९६१ सालीं छापला गेला, तेव्हां कळलें कीं, त्यानें तिच्याविषयीं लिहिलें होतें आणि मागाहून काढून टाकलें होतें. आई खरोखर प्रेमळ असती तर बापाचा स्वभावहि निराळा झाला असता आणि मुलें प्रेम करण्यास व करवून घेण्यास शिकलीं असतीं. पण मुलांसाठीं राबण्यापलीकडे तिला कांहीं ठाऊक नव्हतें, असा त्या मजकुराचा भावार्थ आहे. श्रोतेहो, नऊ मुलांची आई, तापट पति, ओढगस्तीचा संसार. अशा स्त्रीच्या अंगीं ऊब उरली नसेल तर दोष कोणाचा? पत्नीच्या दास्यानें सारें घर कसें सुकून जातें, हें ज्यानें जगाला समजावून दिलें, त्याला स्वतःच्या घरांतील त्याचें उदाहरण ओळखतां आलें नाहीं. १८५१ सालीं लग्नानंतर, आपल्या पत्नीचा योग्य मान राखला गेला नाहीं या समजुतीनें, त्यानें आईशीं व बहिणींशीं दुरावा धरला. आई १८५४ सालीं वारली, तोंवर तो पुरता मिटला नव्हता. बापाकडून ज्या कोमलपणाची त्याला अपेक्षा होती, तो आईला देण्याचें त्याच्या हातून राहून गेलें.

दुसरें ठिकाण आपल्या देशाचें. १८२३ पासून १८५८ पर्यंत, म्हणजे पस्तीस वर्षें, मिल्ल कंपनीच्या कचेरींत होता. हिंदुस्थानाकडे जाणारे खलिते लिहिणें हें त्याचें काम, आणि बापाप्रमाणेंच तोहि शेवटीं त्या खात्याचा प्रमुख झाला. दोघांपैकीं एकानेंहि हिंदुस्थान डोळ्यांनीं पाहिलें नाहीं. बापानें तर इतिहासाच्या प्रस्तावनेंत, न पाहणें हेंच निःपक्षपाताला बरें, असा दावा केला आहे. ‘स्वातंत्र्य’ या निबंधाच्या आरंभींच मिल्ल सांगतो कीं, हें तत्त्व मुलांना लागू नाहीं. आणि त्याच न्यायानें, ज्या समाजांना त्यानें मागासलेले ठरविलें, त्यांनाहि लागू नाहीं, कारण तेथें सारा समाजच अज्ञान वयांत आहे असें समजावें. अशांना अकबरासारखा राज्यकर्ता लाभला तर तें त्यांचें भाग्य. सुधारणा हा हेतु असेल तर तेथें अनियंत्रित सत्ताहि न्याय्य आहे.

मला येथें त्या टेबलाची आठवण होते. एका बाजूस मूल, दुसऱ्या बाजूस हिंदुस्थानचा इतिहास. दोहोंनाहि घडविणारा हात एक, आणि दोहोंचेंहि मत विचारलें जात नव्हतें. मूल निदान शब्दाचा अर्थ तरी विचारूं शकत होतें. मिल्लनें त्या टेबलावरील बापाची एक सत्ता तपासून पाहिली, तिचे दोष दाखविले. दुसरी सत्ता मात्र वारसा म्हणून पत्करली. वास्तविक बालपणाच्या उपमेचा अर्थ त्याच्याइतका कोणास कळावयास हवा होता? मूल मोठें होतें, आणि केव्हां मोठें होतें हें ठरलेलें असतें. आईबापांची सत्ता स्वतःचा शेवट घडवून आणण्यासाठींच असते. जेम्स मिल्लनेंहि चौदाव्या वर्षीं मुलाला जगांत सोडलें. पण एका राष्ट्रानें दुसऱ्या राष्ट्राला मूल म्हटलें, म्हणजे तें वयांत केव्हां येणार हें ठरविण्याचा अधिकार आपल्याकडेच ठेवलेला असतो. १८५९ साली मिल्लनें हें लिहिलें, त्यापूर्वीं दोन वर्षें, १८५७ सालीं, मुंबई, कलकत्ता आणि मद्रास येथें विद्यापीठें स्थापन झालीं होतीं. त्यांतून बाहेर पडलेल्या मुलांनीं मिल्लचेच निबंध वाचले, आणि आपण अज्ञान वयांत नाहीं हें त्याच्याच युक्तिवादानें सिद्ध केलें.

त्यांपैकीं गोपाळ गणेश आगरकर हे एक होत. मिल्ल आणि स्पेन्सर यांच्या ग्रंथांचा त्यांच्या विचारांवर केवढा परिणाम झाला, हें सर्वश्रुत आहे. १८८८ सालीं त्यांनीं ‘सुधारक’ काढला. परंतु आगरकरांपुढील घर हें मिल्लच्या घरासारखें नव्हतें. तेथें मुलाला फार लवकर ग्रीक शिकविलें जात होतें. येथें मुलीला फार लवकर संसारांत ढकललें जात होतें. आठव्या-दहाव्या वर्षीं जिचें लग्न झालें, तिचें बालपण गेलें; आणि दुर्दैवानें पति वारला तर पुढचें सारें आयुष्यहि गेलें. म्हणून मुलामुलींना एकच शिक्षण द्यावें आणि तें एकत्र द्यावें, असें त्यांनीं प्रतिपादन केलें, आणि १८९१ सालीं मुलींची संमतिवयाची मर्यादा दहावरून बारा वर्षें करणाऱ्या कायद्यास पाठिंबा दिला. इंग्रजांच्या सत्तेपुढें वाकावयाचें नाहीं आणि घरांतील अन्यायापुढेंहि वाकावयाचें नाहीं, अशी त्यांची भूमिका होती. मिल्लचा अर्धा राहिलेला विचार त्यांनीं असा पुढें नेला.

आणि आगरकरांनीं आपल्या आईला लिहिलेलें तें पत्र आपणांस ठाऊकच आहे. मुलाच्या मोठाल्या परीक्षा झाल्या, आतां मोठ्या पगाराची जागा मिळेल, या आशेवर असलेल्या आईला त्यांनीं आपला निश्चय आधींच, मायेनें आणि स्पष्टपणें कळविला: पोटापुरत्या मिळकतींत समाधान मानून मी माझा सर्व वेळ लोकांच्या हितासाठीं घालविणार. मिल्लच्या छापील आत्मचरित्रांत आईला एक ओळहि मिळाली नाहीं. त्याच्या या मराठी वाचकाच्या चरित्रांत मात्र आईला लिहिलेलें पत्र हेंच लोकांच्या सर्वांत अधिक स्मरणांत राहिलें आहे.

श्रोतेहो, मिल्लपासून घ्यावयाचें तें इतकेंच कीं, न्याय ही कायद्याच्या पुस्तकांत प्रथम भेटणारी वस्तु नाहीं. बाप आईशीं कसें बोलतो, भावाच्या पानांत काय पडतें आणि बहिणीच्या पानांत काय पडतें, मुलानें शंका विचारली असतां हातांतलें काम थांबतें कीं नाहीं, यांतून ती मुलाला प्रथम कळते. जेम्स मिल्लच्या हातून चुका झाल्या, त्या मोठ्या होत्या. पण विचारलेल्या शब्दासाठीं त्यानें लेखणी थांबविली. तेवढें तरी आपल्या घरीं घडावें, आणि त्या शब्दाबरोबर एखादा मायेचा शब्दहि मुलाच्या वाट्याला यावा, एवढें बोलून मी आपली रजा घेतों.